सावड मोडायच्या आधी

आषाढात केळद-पासलीच्या बाजूला गेलात तर पाऊस तिरका मारत असतो. डोंगर धुक्यात गेलेला असतो. दिसतं ते एवढंच, पाण्याने भरलेलं खाचर आणि त्यात एका रांगेत वाकलेली दहा-बारा माणसं. कुणाच्या डोक्यावर इरलं, कुणाच्या पाठीवर खताच्या पिशवीची खोळ. हातात रोपांची मूठ, पाय घोट्याच्या वर चिखलात. शेत एकाचं असतं, माणसं सगळ्या वाडीची. आज याचं खाचर, उद्या त्याचं, परवा तिसऱ्याचं. मजुरी कुणी कुणाला देत नाही. आज आपल्या शेतात जे राबले, त्यांच्या शेतात आपण पुढे तेवढे दिवस राबायचं. याला सावड म्हणतात. कागदावर काही नसतं, पण कोण कुणाचे किती दिवस देणं लागतो हे साऱ्या वाडीला तोंडपाठ असतं.

सावडीची एकच अट असते, हात पुरे पडले पाहिजेत. भाताची आवणी, म्हणजे लावणी, माणसासाठी थांबत नाही. राबातलं रोप तीन-चार आठवड्यांचं झालं की ते उपटून खाचरात गेलंच पाहिजे. उशीर झाला तर रोप जून होतं, फुटवा कमी येतो. वाडीत दहा-बारा माणसं असतात तेव्हा काम हसत-खेळत उरकतं. दोन घरं पुण्याला गेली की कंबर जरा जास्त दुखते. आणखी दोन गेली की लांबचं, चढावरचं खाचर यंदा राहू द्या म्हणतात. मग एका पावसाळ्यात मोजून चार म्हातारी माणसं उरतात आणि सावड मोडते. त्या दिवशी गाव ओस पडलं असं कुठेही जाहीर होत नाही. पण तिथून पुढे वाडी जगत नसते, नुसती टिकून असते.

भोर आणि वेल्हे या दोन तालुक्यांतल्या घाटमाथ्याच्या वाड्या आज या टोकावर उभ्या आहेत. हा लेख त्यांच्यासाठी आहे, आणि त्याहून जास्त तुमच्या-आमच्यासाठी.

नकाशा एकदा डोळ्यांसमोर आणू. सह्याद्रीची मुख्य रांग उत्तर-दक्षिण गेलेली आहे. तिच्यापासून पूर्वेकडे डोंगराचे दांड फुटतात आणि दोन दांडांच्या मधे एकेक नदी वाहते. नीरा, वेळवंडी, गुंजवणी, कानंदी, आंबी, मोसे. प्रत्येक नदीचं आपलं खोरं आणि खोऱ्याला आपलं नाव. नीरेच्या उगमाकडचं हिरडस मावळ, वेळवंड खोरं, रोहिडखोरं, गुंजण मावळ, कानद खोरं, बारागाव मावळ, अठरागाव मावळ. खोऱ्याच्या पूर्वेच्या तोंडाशी बाजारपेठ, डांबरी रस्ता, दवाखाना. जसजसं पश्चिमेला आत जावं तसा रस्ता अरुंद होत जातो, घरं विरळ होतात आणि शेवटी जमीनच संपते. समोर सरळ कोकणात कोसळणारा कडा. सिंगापूर आणि मोहरी ही गावं अशाच शेवटाला आहेत. मोहरीजवळच्या रायलिंगाच्या पठारावर उभं राहिलं तर लिंगाणा हाताच्या अंतरावर वाटतो आणि त्याच्या मागे रायगड. तिथून खाली उतरायला बोराट्याची नाळ आहे, केळदहून मढे घाट आहे, हिरडस मावळातून वरंधा घाट आहे. या वाटांवरून शेकडो वर्षं मीठ वर आलं आणि धान्य खाली गेलं. आपण ज्याला आडबाजू म्हणतो ती एकेकाळी वर्दळीची वाट होती.

पाऊस इथे मोजून पडत नाही. घाटमाथ्यावर जो कोसळतो, तो नसरापूरच्या सडकेपर्यंत येता येता निम्म्याहून कमी होतो. पण खाली काळा कातळ आणि वर हातभर माती. पाणी मुरायला जागाच नाही, ते धावत सुटतं. म्हणून ज्या वाडीने पावसाळ्याचे चार महिने कपडे वाळलेले पाहिलेले नसतात, तीच वाडी चैत्र-वैशाखात झऱ्यापाशी वाटी-वाटीने हंडा भरते किंवा टँकरची वाट पाहते. धरण उशाला आणि कोरड घशाला ही म्हण बहुधा अशाच कुठल्या तरी वाडीत जन्मली असावी.

कारण धावत सुटलेलं ते पाणी जातं कुठे? आंबीवर पानशेत, 10.65 टीएमसी. मोसेवर वरसगाव, 12.82 टीएमसी, त्यात मुळशीच्या डोंगरांचाही वाटा. वेळवंडीवर भाटघर, 23.50 टीएमसी. नीरेवर नीरा देवघर, 11.73. गुंजवणीवर 3.69. बेरीज 62 टीएमसीच्या वर जाते. पहिल्या दोन धरणांवर पुणे शहर जगतं. उरलेल्या तिन्हींचं पाणी वीरच्या धरणातून नीरेच्या डाव्या-उजव्या कालव्यांना लागतं आणि बारामती, इंदापूर, फलटण, माळशिरसपर्यंतचा ऊस त्यावर उभा राहतो. पुण्यात सकाळी नळ सोडणाऱ्याला आणि अकलूजकडे उसाला पाणी देणाऱ्याला हे ठाऊक नसतं की त्या पाण्याची सुरुवात कुणाच्या तरी खाचराच्या बांधावर झालेली आहे.

पुणेकराला पानशेत म्हटलं की 12 जुलै 1961 आठवतो, तो पूर आठवतो. पानशेत हे मुळात एका गावाचं नाव होतं, हे किती जणांना आठवतं? भाटघरचं मोठं धरण तर 1920च्या दशकातलं. तेव्हापासून वेळवंड खोऱ्याची सपाट, कसदार जमीन पाण्याखाली आहे. उन्हाळ्यात पाणी तळाला गेलं की कांबऱ्याचं कांबरेश्वराचं देऊळ वर येतं. काही आठवडे लोक चिखल तुडवत दर्शनाला जातात, पाऊस आला की देव पुन्हा पाण्यात. चांगली जमीन धरणाला देऊन ही माणसं वरच्या चढावर सरकली आणि तिथे त्यांनी दगडाच्या ताली रचून नव्याने खाचरं बांधली. आज ओस पडताहेत ती हीच खाचरं.

इथे जरा थांबून पाहायला हवं. उतारावरचं खाचर म्हणजे नुसतं भाताचं शेत नव्हे. ती पायऱ्यांनी रचलेली, डोंगरावर पाणी अडवणारी रचना आहे. तिचा बांध दर वर्षी लिंपावा लागतो, खेकड्यांनी पाडलेली भोकं बुजवावी लागतात, पावसात फुटलेला कोपरा त्याच दिवशी दगड लावून सांधावा लागतो. एक पावसाळा दुर्लक्ष झालं की वरचा बांध फुटतो, त्याची माती खालच्या खाचरात येते, मग खालचा बांध फुटतो. दोन-चार वर्षांत साऱ्या पायऱ्या ढासळून एकच ओघळ होतो आणि माती थेट धरणात. सावड मोडली की बांध फुटतो, बांध फुटला की धरण गाळाने भरतं. दूरवरच्या शहराचा आणि या वाडीतल्या चार म्हाताऱ्यांचा संबंध इतका सरळ आहे.

2001 ते 2011 या दशकात पुणे जिल्ह्याची लोकसंख्या 72 लाखांवरून 94 लाखांवर गेली. वेल्हे तालुक्याची मात्र वाढली नाही, ती 54 हजारांच्या आसपासच राहिली. शेजारी महानगर फुगत असताना जिल्ह्यातला हा सगळ्यात विरळ तालुका जागेवर थिजला. जपानमध्ये डोंगरी खेड्यांची हीच अवस्था झाली तेव्हा तिथल्या एका समाजशास्त्रज्ञाने अशा वस्त्यांना नावच दिलं, ‘गेंकाई शूराकू’, म्हणजे सहनशक्तीच्या काठाला आलेलं गाव. त्याची खूण अशी, की निम्म्याहून अधिक माणसं 65च्या पुढची आणि गावाने मिळून करायची कामं होईनाशी झालेली. जपानी अभ्यासकाने जे शोधलं ते आपल्या मावळातली कुठलीही आजी एका वाक्यात सांगेल, सावडीला माणूस नाही.

माणूस का जातो? उत्तर शोधायला समिती नको. वाडीतून आधी शाळा जाते, मग एसटी जाते, मग तरुण जोडपं जातं.

2018 साली इथल्याच चांदर नावाच्या गावातली शाळा देशभरच्या बातम्यांत आली. पंधराएक झोपड्यांची वस्ती, शाळेत एकच विद्यार्थी आणि त्याला शिकवायला कच्च्या वाटेने रोज येणारे एकच शिक्षक. लोकांना कौतुक वाटलं. खरं तर ती कौतुकाची बातमी नव्हती, इशाऱ्याची होती. पुढे 2023 साली राज्याच्या शिक्षण खात्याने वीसपेक्षा कमी पटाच्या शाळांऐवजी समूह शाळा काढण्याचे प्रस्ताव मागवले. अशा शाळा राज्यात 14 हजारांहून जास्त निघाल्या. आणि नमुना म्हणून कुणाचं नाव पुढे आलं? नंदुरबारच्या तोरणमाळचं आणि आपल्या पानशेतचं. समूह शाळेत मुलांना सोबती मिळतात, खेळायला मैदान मिळतं, विषयाला शिक्षक मिळतो, हे खोटं नाही. पण शिक्षण हक्काचा कायदा पहिली ते पाचवीची शाळा घरापासून एक किलोमीटरच्या आत मागतो तो उगाच नाही. ओढा फुगला, दरड आली, गाडी आली नाही, तर सहा वर्षांचं पोर त्या दिवशी शाळेबाहेर. असे दिवस आषाढ-श्रावणात एखादा-दुसरा नसतो. मग आई-बाप हिशेब करतात आणि पुण्यात धायरी नाहीतर कात्रजला एक खोली घेतात. एका पोराच्या शाळेपायी सावडीतले चार हात कमी होतात.

मुक्कामी एसटीचंही तसंच आहे. संध्याकाळी शेवटची गाडी खोऱ्याच्या टोकाच्या गावात येते, चालक-वाहक रात्री देवळात नाहीतर शाळेत झोपतात आणि पहाटे तीच गाडी माघारी निघते. तिच्यात दुधाचे कॅन चढतात, भोरच्या कॉलेजला जाणाऱ्या मुली चढतात, रात्रभर कळ सोसलेला आजारी माणूस चढतो. ही एक फेरी तोट्यात आहे असं कागदावर सहज दाखवता येतं. पण ती बंद झाली की मुलीचं कॉलेज सुटतं, दूध घरात नासतं आणि आजाऱ्याला झोळीत घालून खांद्यावरून न्यावं लागतं. हा तोटा कुठल्या वहीत लिहायचा?

आणि जे घर रिकामं होतं, त्याच्या सातबाऱ्यावर लगेच कुणाची तरी नजर पडते. पहिल्यांदा गाडी येते, मग मोजणीवाले, मग तारेचं कुंपण. वर्षानुवर्षं गुरं ज्या वाटेने झऱ्यावर जात होती ती वाट एका सकाळी फाटकामागे गेलेली असते. डोंगर कापून सपाटी होते, दरीच्या काठाला काचेची घरं उभी राहतात आणि त्यांत वर्षातले वीस दिवस माणूस राहतो. याच डोंगररांगेत वरसगावच्या पाण्याकाठी अख्खं शहर वसवायचा प्रयोग आपण पाहिला. 2018 साली ते शहर वसवणारी कंपनी दिवाळखोरीच्या प्रक्रियेत गेली, डोंगर मात्र पूर्वीसारखा झाला नाही. सह्याद्रीचा उतार किती नाजूक असतो हे 30 जुलै 2014 रोजी माळीणने सांगितलं, तिथे दीडशेच्या वर माणसं गाडली गेली. 22 जुलै 2021 रोजी वरंधा घाटाखालच्या तळियेने तेच पुन्हा सांगितलं.

आता दोन प्रश्न मला हमखास विचारले जातात. पहिला असा, की पंधरा घरांसाठी सरकारने शाळा, गाडी, रस्ता यावर एवढा खर्च का करावा? माझं उत्तर वर दिलेल्या 62 टीएमसीत आहे. ही पंधरा घरं आपल्या जलाशयांची राखण करतात आणि त्याचा पगार आपण त्यांना आजवर दिलेला नाही. न्यूयॉर्क शहराने 1997 साली असाच हिशेब मांडला. महागडा गाळण प्रकल्प बांधण्यापेक्षा कॅट्सकिलच्या डोंगरातली शेती, जंगल आणि गावं सांभाळायला पैसे देणं स्वस्त, असं ठरवून त्या शहराने वरच्या गावांशी करार केला. पुणे महापालिका न्यूयॉर्क नसेल, पण पाणी तिलाही डोंगरातूनच येतं.

दुसरा प्रश्न जास्त अवघड आहे. त्यांनी तिथेच राहावं असा हट्ट आपण कशाला धरायचा, त्यांना शहर नको का? हा प्रश्न रास्त आहे. वाडी देखणी दिसते ती पाहुण्याला, कारण त्याला तिथे पावसाळा काढायचा नसतो. ज्याला जायचं त्याने आनंदाने जावं. माझं म्हणणं एवढंच आहे, की ज्याला राहायचं आहे त्यालाही आपण हाकलतो आहोत. रायरेश्वराच्या पठारावरचे लोक आजही लोखंडी शिड्या चढून घरी जातात आणि वर शेती करतात. 2023 साली तिथल्या शेतकऱ्यांनी ट्रॅक्टर सुटा केला, त्याचे भाग खांद्यावरून वर नेले आणि माथ्यावर पुन्हा जोडून नांगरट केली. ज्याला गाव सोडायचंय तो माणूस एवढा खटाटोप करत नाही.

हा मुलूख इतिहासाच्या पुस्तकात भरपूर आहे. कारीचे कान्होजी जेधे, शिंदचे बाजीप्रभू, भुतोंड्याचे येसाजी कंक, हिरडस मावळचे बांदल. 13 जुलै 1660 रोजी घोडखिंडीत बांदलांची माणसं उभी राहिली ते दिवस आवणीचे होते. ज्या हातांनी त्या पावसात रोप लावायचं, ते हात विशाळगडाच्या वाटेवर तलवार धरून होते. मागे खाचरं कुणी लावली असतील? सावडीनेच लावली असणार. 11 जुलै 2025 रोजी राजगडाचं नाव जागतिक वारशाच्या यादीत आलं, वेल्हे तालुका आता कागदोपत्री राजगड तालुका झाला. दोन्ही गोष्टींचा आनंद आहे. पण गड म्हणजे बालेकिल्ला आणि तीन माच्याच नव्हेत. त्याच्या पायथ्याशी भात पिकवणारी, दूध पोचवणारी, वाट दाखवणारी वस्तीही गडाचाच भाग असते. ती उठून गेली तर आपण जगाला दगड दाखवू, वारसा नाही.

म्हणून काही मागण्या, ज्यांच्याकडे करायच्या त्यांच्याकडे स्पष्टपणे.

शिक्षण खात्याकडे: पट मोजून वाडीची शाळा बंद करू नका. समूह शाळा करायचीच असेल तर तिची गाडी एक पूर्ण पावसाळा रोज पोचते हे आधी दाखवा. आणि निदान चौथीपर्यंतची शाळा वाडीत राहू द्या.

एसटी महामंडळाकडे: खोऱ्यांच्या टोकाच्या मुक्कामी गाड्या नफ्या-तोट्याच्या हिशेबातून बाहेर काढा. त्या रुग्णवाहिकेसारख्या आहेत.

पाटबंधारे खातं, पुणे महापालिका आणि नीरेच्या कालव्यांवरचे साखर कारखाने यांच्याकडे: पाणीपट्टीतला ठरावीक वाटा पाणलोटातल्या ग्रामपंचायतींना दर वर्षी, हक्काने द्या. झऱ्यांची डागडुजी, छोट्या टाक्या, ताली-बांध यांवर तो खर्च होऊ द्या. धरणाकाठच्या गावाला टँकर लागणं ही सगळ्यांसाठी शरमेची गोष्ट आहे.

पर्यावरण खात्याकडे: पश्चिम घाटाच्या संवेदनशील क्षेत्राचे मसुदे 2014 पासून निघताहेत, सहावा 31 जुलै 2024 रोजी आला. ते मराठीत, वाडीच्या ओट्यावर बसून समजावून सांगा. घराची कौलंही बदलता येणार नाहीत अशी भीती लोकांच्या मनात आहे, आणि त्या भीतीचा फायदा घेऊन जमिनी उचलल्या जाताहेत.

ग्रामसभांकडे, हात जोडून: 2006च्या वनहक्क कायद्याने सामूहिक हक्काचा दावा करता येतो. तो करा. हिरडा, करवंद, मध, गवत यांवरचा तुमचा हक्क कागदावर आणा. जमीन विकण्याआधी ती भाड्याने देता येईल का, हे एकदा ग्रामसभेत बोला. विकलेली जमीन परत येत नाही आणि आलेला पैसा पुण्यातल्या एका खोलीत संपतो.

पुण्या-मुंबईत राहणाऱ्या मावळच्या लेकरांनो, तुमच्याकडे मागणं लहान आहे. यात्रेला येता तसे आवणीलाही या. दोन दिवस रजा टाका. म्हातारीच्या खाचरात तुमचे दोन हात लागले तर सावड एक वर्ष पुढे सरकते.

आणि वाचकहो, तुम्ही पावसाळ्यात मढे घाटाचा धबधबा पाहायला, तोरण्याला, राजगडाला जाता. गाडीत शहरातून खाऊ भरून नेऊ नका, वाडीत जेवा. पोटभर भाकरी, कालवण, भात मिळेल, त्याचे पैसे मागितल्याहून थोडे जास्त द्या. येताना पाच-दहा किलो आंबेमोहोर किंवा इंद्रायणी विकत घ्या, नाचणी घ्या. प्लास्टिक परत आणा. खाचराच्या बांधावरून चालू नका, तो कुणीतरी हाताने लिंपलेला असतो. आणि दरीकाठचा स्वस्त प्लॉट कुणी दाखवला तर एकच प्रश्न विचारा, इथल्या झऱ्याची वाट कुठून जाते? उत्तर आलं नाही तर गाडीत बसा आणि परत फिरा.

सावडीचा नियम सोपा आहे. ज्याच्या शेतात वाडी राबली, त्याने वाडीच्या शेतात राबायचं. भोर-वेल्ह्याच्या डोंगरांनी आपल्या शहराला पाणी दिलं, जमीन दिली, माणसं दिली. त्यांचे दिवस देऊन झाले आहेत. सावडीत ज्याच्याकडे दिवस उरतात, त्याने बोलावणं यायची वाट पाहायची नसते. पुढच्या आषाढात खाचरं पाण्याने भरतील, तेव्हा आपले दिवस फेडायला जाऊ या.